एनपीएस की यूपीएस: भाच्याच्या ऑप्शन फॉर्मसाठी मांडलेला हिशेब

देवगडहून भाच्याचा फोन आला. टपाल खात्यात पोस्टल असिस्टंट म्हणून नुकताच रुजू झालाय. "मावशी, ह्या पेन्शनीचा काय करूचा? तीस दिवसांत लिवन देऊक व्हया." माझी नोकरी रत्नागिरीला, केंद्राच्याच एका कार्यालयातल्या लेखा शाखेत गेली. दुसऱ्यांची पगारबिलं, कपाती आणि निवृत्तीचे कागद करता करताच मी निवृत्त झाले, म्हणून घरातले असे सगळे प्रश्न माझ्याकडे येतात. फोनवर सांगण्यासारखं हे प्रकरण नव्हतं. रविवारी त्याला बोलावलं आणि कागद-पेन घेऊन बसलो. त्या दिवशी केलेला हिशेब इथे लिहिते आहे, कारण १ एप्रिल २०२५ नंतर केंद्राच्या नागरी सेवेत लागलेल्या प्रत्येकापुढे हाच फॉर्म येतो: एनपीएस (राष्ट्रीय पेन्शन प्रणाली) की यूपीएस (एकीकृत पेन्शन योजना), यातलं एक निवडायचं. तीस दिवसांत काहीच लिहून दिलं नाही, तर माणूस आपोआप एनपीएसमध्ये राहतो. म्हणजे गप्प बसणं हाही निर्णयच ठरतो.

जुन्या पेन्शनीबद्दल आधी थोडं सांगते, कारण घरातली मोठी माणसं सल्ला देतात तो तिच्याच आठवणीवर. १ जानेवारी २००४ च्या आधी केंद्रात लागलेल्यांच्या पगारातून पेन्शनसाठी एक पैसाही कापला जात नव्हता. जीपीएफ, म्हणजे सरकारी नोकरांचा भविष्य निर्वाह निधी, कापला जायचा, पण तो आपलाच पैसा होता, व्याजासकट परत यायचा. पेन्शन शेवटच्या बेसिकच्या निम्मी, त्यावर महागाई भत्ता (डीए). मी त्याच पेन्शनीवर जगते आहे, आणि भाच्याला ती मिळणार नाही याचं मला मनापासून वाईट वाटतं. पण फॉर्मवर तो रकानाच नाही, त्यामुळे त्यावर वेळ घालवला नाही.

रकाने दोनच. पहिला एनपीएसचा. भाच्याचं बेसिक २५,५००, डीए धरून साधारण ४०,००० होतात. त्यातले दहा टक्के, म्हणजे ४,००० त्याचे कापले जाणार. सरकार चौदा टक्के, म्हणजे ५,६०० घालणार. हा सरकारी वाटा २०१९ च्या एप्रिलपर्यंत दहाच टक्के होता. दोन्ही मिळून ९,६०० रुपये दर महिन्याला त्याच्या प्रान खात्यात, म्हणजे पेन्शनसाठीच्या त्याच्या स्वतःच्या खात्यात जाणार. पै न् पै त्याच्या नावावर, बाजारात गुंतवलेली. साठाव्या वर्षी जेवढं साठेल त्यातलं साठ टक्क्यांपर्यंत हातात, तेही करमुक्त, आणि निदान चाळीस टक्क्यांची अॅन्युइटी घ्यायची. अॅन्युइटी म्हणजे विमा कंपनीकडे एकरकमी पैसे ठेवून तिच्याकडून जन्मभर मिळणारी ठरावीक रक्कम. निवृत्तीला किती साठलेलं असेल, हे आज कोणी लिहून देत नाही.

दुसरा रकाना यूपीएसचा, म्हणजे एकीकृत पेन्शन योजनेचा. मंत्रिमंडळाने २४ ऑगस्ट २०२४ ला ती मंजूर केली. यातही भाच्याचे ४,००० कापले जातातच. सरकार त्याच्या नावावर तेवढेच ४,००० घालतं, आणि वर साडेआठ टक्के, म्हणजे ३,४०० एका सामाईक खात्यात टाकतं. हे सामाईक खातं सगळ्यांचं असतं, कोणा एकाच्या नावावर नसतं. "म्हणजे ५,६०० च्या जागी ७,४००, यूपीएसच भारी की!" असं भाचा लगेच म्हणाला. सरकारचा खर्च जास्त आहे, हे खरं. पण त्यातले ३,४०० त्याच्या नावावर कधीच दिसणार नाहीत. त्या पैशाच्या बदल्यात मिळते ती हमी. तेव्हा ही हमी आपल्या घराला किती मोलाची आहे, एवढंच ठरवायचं.

ती हमी अशी. नोकरीची पंचवीस वर्षं भरली, तर निवृत्तीच्या आधीच्या बारा महिन्यांच्या सरासरी बेसिकच्या निम्मी रक्कम दरमहा. नोकरी कमी झाली तर त्याच प्रमाणात कमी. निदान दहा वर्षं झाली, तर महिन्याला किमान १०,०००. या रकमेवर महागाई भत्ता चढत जातो. मागे राहिलेल्या नवऱ्याला किंवा बायकोला या रकमेच्या साठ टक्के. निम्म्याचे साठ टक्के म्हणजे बेसिकचे तीस टक्के, जुन्या फॅमिली पेन्शनीचा दर हाच होता. निवृत्तीच्या दिवशी थोडे एकरकमीही मिळतात: प्रत्येक पुऱ्या सहा महिन्यांच्या नोकरीमागे बेसिक-डीएचा दहावा हिस्सा.

आकड्यात मांडू. शेवटची सरासरी बेसिक ८०,००० धरली, तर पंचवीस वर्षांच्या पुढे ४०,००० अधिक महागाई भत्ता. वीस वर्षं झाली असतील तर ३२,०००. त्या दिवशी बेसिक-डीए १,२०,००० असेल आणि नोकरी तीस वर्षं झाली असेल, तर एकरकमी ७,२०,०००. मागे पत्नीला २४,०००, त्यावरही भत्ता.

हेच ४०,००० एनपीएसमधून मिळवायचे तर? अॅन्युइटीचा दर सहा टक्के धरू. हा मी हिशेबापुरता घेतलाय, त्या दिवशी बाजारात जो असेल तो खरा. वर्षाला ४,८०,००० हवेत, म्हणजे अॅन्युइटीतच ८० लाख घालायला हवेत. साठ टक्के हातात घेऊन उरलेल्या चाळिसातून एवढं हवं असेल, तर एकूण दोन कोटी साठायला हवेत. आणि एवढं करूनही ते ४०,००० शेवटपर्यंत ४०,०००च राहतात. यूपीएसमधल्या रकमेवर जानेवारी आणि जुलैला डीए वाढेल तसा भत्ता वाढतो. पासष्टाव्या वर्षी हा फरक जाणवणार नाही. ऐंशीव्या वर्षी तो औषधांच्या बिलात दिसेल.

मग एनपीएस घ्यायचीच कशाला? तर मागे काय उरतं, त्यासाठी. दीड कोटी साठले तर नव्वद लाख हातात येतात. उरलेल्या साठ लाखांची, मूळ रक्कम परत देणारी अॅन्युइटी घेतली, तर त्याच सहा टक्क्यांनी महिन्याला ३०,००० येतात, आणि आपल्यामागे ते साठ लाख वारसांना जातात. यूपीएसमध्ये निवृत्तीच्या दिवशी आपल्या नावावरची रक्कम सामाईक खात्यात जाते. पुढे नवरा-बायको दोघंही गेले की मुलांच्या हाती त्यातलं काही येत नाही. जन्मभर आपण भरलेले दहा टक्केही नाहीत. जीपीएफ परत येत होता, हे येत नाहीत. कर्मचारी संघटनांचा यूपीएसवर मुख्य राग याचाच आहे, आणि तो मला रास्त वाटतो.

हातात थोडे हवेच असतील, तर यूपीएसमध्येही आपल्या नावावरच्या रकमेतले साठ टक्क्यांपर्यंत काढता येतात, पण मासिक रक्कम त्याच प्रमाणात खाली येते. वरच्या उदाहरणात पूर्ण साठ टक्के काढले तर ४०,००० चे १६,००० होतील आणि पत्नीचे २४,००० चे ९,६००. निवृत्तीच्या आनंदात हे कोणी करू नये. नोकरीत असताना घरासाठी किंवा आजारपणासाठी आपण भरलेल्यातले पंचवीस टक्क्यांपर्यंत दोन्हीकडे काढता येतात. यूपीएसमध्ये मात्र काढलेली रक्कम परत भरली नाही, तर शेवटी ठरलेल्या रकमेपेक्षा खातं कमी भरतं आणि तेवढी पेन्शन कमी बसते.

दोन गोष्टींत डावं-उजवं करण्यासारखं फारसं नाही. ग्रॅच्युइटी दोन्हीकडे आहे, कमाल मर्यादा २५ लाख. नोकरीत असताना मृत्यू आला, तर दोन्हीकडे कुटुंबाला जुन्या नियमांची फॅमिली पेन्शन मिळण्याची सोय आहे. तो पर्याय आधीच लिहून ठेवलेला असावा, एवढंच.

आता आमच्या बाजूचं. कोकणातल्या बहुतेक नोकरदाराच्या घरात पगाराशेजारी दुसरं काहीतरी असतं: हापूसची कलमं, नारळ-पोफळीची वाडी, होडीतला हिस्सा, उन्हाळ्यात पर्यटकांना दिलेल्या दोन खोल्या. यातलं काहीही सांगून येत नाही आणि सांगून जात नाही. मोहोर येतो आणि अवकाळी पावसाची एक रात्र तो घेऊन जाते. माझं माहेर दापोली तालुक्यातलं. ३ जून २०२० ला निसर्ग वादळ आलं तेव्हा वाडीतल्या पोफळी दुपारभरात आडव्या झाल्या. नवी पोफळ धरायला पाच-सात वर्षं लागतात. तेवढी वर्षं ते घर आईच्या फॅमिली पेन्शनीवर उभं राहिलं. मी लेखा शाखेत होते, पेन्शन म्हणजे काय हे मला पाठ होतं, पण ती घरात काय करते हे तेव्हा कळलं.

जमीन आहे ना, मग पेन्शनीची काय काळजी, असंही लोक म्हणतात. आमच्याकडचे सातबारे बघा. एका गुंठ्यावर पंधरा नावं, त्यातली आठ मुंबईला, दोन वारलेली. अडीनडीला अशी जमीन विकता येत नाही की गहाण टाकता येत नाही. म्हणून माझं मत असं बनलं आहे: घरचं बाकीचं उत्पन्न पावसापाण्यावर असेल, तर पेन्शन तरी ठरलेली घ्यावी. भाच्याचे वडील आंब्याचं बघतात, आई घरी असते. त्याला मी यूपीएस सांगितलं.

तरी त्याच्या बाबतीत एक अडचण होती, आणि ती मी त्याच्यापासून लपवली नाही. तो चोविसाव्या वर्षी लागलाय, साठीपर्यंत छत्तीस वर्षं होतील. यूपीएसचं निम्म्याचं प्रमाण पंचविसाव्या वर्षीच पूर्ण होतं, पुढच्या अकरा वर्षांनी ते वाढत नाही. बेसिक वाढेल तेवढंच. त्याची कपात मात्र चालूच राहणार. याउलट एनपीएसमध्ये लवकर लागलेल्याचा पैसा सगळ्यात जास्त वाढतो, कारण पहिल्या दहा वर्षांत भरलेल्या रकमेला वाढायला सगळ्यात जास्त वेळ मिळतो. म्हणजे आकड्यांच्या दृष्टीने एनपीएस चोविशीत लागलेल्याला जास्त मानवते, आणि यूपीएस पस्तिशीच्या आसपास लागलेल्याला.

निर्णय झाला तो दाराच्या दिशेवर. यूपीएस घेतलेल्याला एकदाच, निवृत्तीच्या निदान एक वर्ष आधीपर्यंत, एनपीएसमध्ये जाता येतं. हमी सुटते, आणि सरकारी वाट्यातला चार टक्क्यांचा फरक खात्यात जमा होतो. एनपीएसमध्ये राहिलेल्याला नंतर यूपीएसकडे येता येत नाही. लग्न व्हायचं आहे, मुलंबाळं कोणाला ठाऊक, वडिलांच्या बागेचं पुढे काय होईल तेही नाही. अशा वयात ज्या खोलीला दोन दारं आहेत तिथे बसावं, असं मी त्याला म्हटलं.

सगळ्यांना मी हेच सांगणार नाही. गुहागरकडची माझी एक जुनी सहकारी आहे. लग्न केलेलं नाही, आई आणि भावाची मुलं तिच्यावर अवलंबून. जुन्या कर्मचाऱ्यांना यूपीएस निवडायची मुदत होती तेव्हा तिने विचारलं. यूपीएसमधला मागचा हिस्सा फक्त निवृत्तीच्या वेळी असलेल्या नवऱ्याला किंवा बायकोला मिळतो. तिच्यामागे तो कोणालाच मिळाला नसता. ती एनपीएसमध्ये राहिली, आणि मला ते बरोबर वाटतं. पाच-सात वर्षांत राजीनामा देऊन दुसऱ्या परीक्षेच्या मागे लागायचा विचार असेल, त्यांनीही यूपीएसच्या हमीवर भिस्त ठेवू नये. राजीनाम्यात आणि बडतर्फीत ती मिळत नाही. स्वेच्छानिवृत्ती घेतली तरी रक्कम सुरू होते ती साठीच्या तारखेपासून, बाहेर पडल्या दिवसापासून नाही.

भाच्याचा मित्र लोट्याच्या एमआयडीसीत आहे, त्यालाही ऐकायचं होतं. त्याच्या पीएफमध्ये मालक बारा टक्के घालतो, त्यातले ८.३३ टक्के पेन्शन योजनेत जातात, पण १५,००० रुपयांच्या पगाराच्या मर्यादेत. म्हणजे जास्तीत जास्त १,२५०. पेन्शनचं सूत्र पगार गुणिले वर्षं, भागिले सत्तर. पंधरा वर्षांचे ३,२१४ रुपये. तो काही बोलला नाही. सरकारी नोकरीतल्यांनी एनपीएसलाही नावं ठेवण्याआधी हा आकडा एकदा बघावा, असं मला खरंच वाटतं.

राज्य सरकारी कर्मचाऱ्यांचं वेगळं. १ नोव्हेंबर २००५ पासून लागलेल्यांना जुनी पेन्शन नाही. "एकच मिशन, जुनी पेन्शन" म्हणत मार्च २०२३ मध्ये संप झाला, त्यानंतर राज्याने सुधारित राष्ट्रीय निवृत्तिवेतन योजना आणली आणि केंद्रासारखी एकीकृत योजनाही स्वीकारली. माझे दीर जिल्हा परिषदेच्या शाळेत २००७ ला लागले. पर्यायापेक्षा त्यांचा त्रास वेगळाच होता. पगारातून कपात व्हायची, पण ती खात्यात वेळेवर पोचली की नाही याची पावती कित्येक वर्षं मिळाली नाही. पैसा महिनोन् महिने मधेच पडून राहिला तर त्याची वाढ बुडते, आणि ती नंतर मागून मिळत नाही.

म्हणून भाच्याला फॉर्मबरोबर तीन कामं लावून दिली. फॉर्मची तारीख घातलेली पोच घेऊन तिचा फोटो काढायचा. पर्यायाची नोंद सर्व्हिस बुकात झाली का, ते स्वतः डोळ्यांनी बघायचं. दर महिन्याच्या पगारपत्रकावरची कपात आणि सरकारचा वाटा प्रान खात्यात आला का, ते मोबाइलवर पडताळायचं, आला नाही तर त्याच आठवड्यात लेखी विचारायचं. नॉमिनी म्हणून सध्या आईचं नाव घातलंय. लग्न झालं की ते बदलायला मी आठवण करणार आहे.