रस्ता अडवला, बांध कोरला: तहसीलदार की दिवाणी न्यायालय?

शेजारच्या गटाच्या मालकाने वहिवाटीच्या रस्त्यावर चर खणला किंवा नांगरताना सामाईक बांध हातभर कोरला, की शेतकरी "स्टे आणतो" म्हणत वकिलाकडे निघतो. महाराष्ट्रात मात्र अशा तक्रारीला दोन वेगळी दारे आहेत आणि कोणते ठोठवायचे, हे वाद नेमका कशाचा आहे यावरून ठरते.

पूर्वापार वापरातला रस्ता किंवा पाण्याचा नैसर्गिक प्रवाह अडवला असेल, तर मामलेदार न्यायालय अधिनियम, 1906 च्या कलम 5 खाली तहसीलदार अडथळा काढायला लावू शकतात आणि पुन्हा अडवू नये असा मनाई हुकूमही देऊ शकतात. अट एकच, पण कडक आहे: अडथळा झाल्यापासून 6 महिन्यांच्या आत दावा दाखल झाला पाहिजे, त्यामुळे "पुढच्या पेरणीला बघू" म्हणणाऱ्याच्या हातून हा मार्ग निसटतो. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेचे कलम 143 याहून वेगळे असून त्याखाली बांधावरून नवा रस्ता मागता येतो. एकाच अर्जात दोन्ही कलमे घालणे मला घातक वाटते, कारण एक म्हणते की रस्ता होता आणि दुसरे म्हणते की तो नाही.

मालकी किंवा हद्दच वादात असेल, तर दिवाणी न्यायालयाला पर्याय नाही. तिथे विशिष्ट अनुतोष अधिनियम, 1963 च्या कलम 38 खाली निरंतर मनाई मागायची असते आणि दावा चालू असताना दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 39 खाली तात्पुरती. तात्पुरत्या मनाईसाठी सकृतदर्शनी (पहिल्या नजरेत टिकणारी) बाजू, सोयी-गैरसोयीचा तोल आणि पैशाने भरून न येणारे नुकसान या तिन्ही गोष्टी दाखवाव्या लागतात. मालकी हक्कावरच गंभीर शंका उभी असेल तर नुसती मनाई मागून भागत नाही, हक्काची घोषणाही मागावी लागते, असे सर्वोच्च न्यायालयाने अनथुला सुधाकर प्रकरणात 2008 साली सांगितले आहे. बांधाच्या वादात भूमी अभिलेख कार्यालयाकडून हद्द कायम मोजणी आधी करून घ्यावी, कारण सातबारा क्षेत्र सांगतो, बांध कुठून जातो ते सांगत नाही. भिंत उभी राहून गेल्यावर ती पाडण्याचा अंतरिम हुकूम फार क्वचित मिळतो, म्हणून पाया खणला जात असतानाच हालचाल करावी.

खरी कसोटी वागणुकीची असते. मनाई मागणाऱ्याचे स्वतःचे वर्तन अनुचित असेल, तर 1963 च्या त्याच अधिनियमातील कलम 41 नुसार न्यायालय मनाई नाकारू शकते. म्हणजे ज्याने रात्रीतून शेजाऱ्याची हद्दीची खूण उपटली, त्याने सकाळी न्याय मागायला जाणे अवघडच. समोरच्याला न ऐकता एकतर्फी हुकूम मिळतो खरा, पण त्याला नोटीस न देण्याची कारणे न्यायालयाला नोंदवावी लागतात, अर्ज व कागदपत्रे त्याच्याकडे लगेच पाठवावी लागतात आणि 30 दिवसांत तो अर्ज निकाली काढण्याचा प्रयत्न न्यायालयाने करायचा असतो. जुना वाटपपत्राचा कागद किंवा विरोधात गेलेली मोजणी दडवून मिळवलेला हुकूम आदेश 39 च्या नियम 4 खाली रद्द होऊ शकतो. चेंगलवराय नायडू प्रकरणात तर (1993) महत्त्वाचा दस्त दडवून मिळवलेला हुकूमनामाच (दाव्याचा अंतिम निर्णय) सर्वोच्च न्यायालयाने निरर्थक ठरवला. उलट, आपल्याविरुद्ध दावा येणार अशी कुणकुण लागलेल्याने दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 148-अ खाली कॅव्हेट, म्हणजे मला ऐकल्याशिवाय हुकूम देऊ नये असा आगाऊ अर्ज, दाखल करावे. ते 90 दिवस टिकते.

थोडक्यात, अडथळा ताजा आणि रस्ता जुना असेल तर तहसीलदार, रेषाच वादात असेल तर मोजणी आणि मग दिवाणी न्यायालय. दिवाणी न्यायालयाचा मनाई हुकूम मोडणाऱ्याची मालमत्ता जप्त होऊ शकते, 3 महिन्यांपर्यंत दिवाणी कैदही होऊ शकते. "जैसे थे" असा आदेश झाला तर तो अर्जदारालाही बांधतो, तेव्हा त्यानंतर वादातल्या पट्ट्यात त्यानेही नांगर घालायचा नाही.