दादरचा डीओईचा वीकेंड क्लास, ब्लॉकिंगसाठी तरी नक्की करा

डिझाइन ऑफ एक्स्पेरिमेंट्सचा (डीओई, म्हणजे प्रयोग कसा आखायचा त्याचं शास्त्र) हा शनिवार-रविवारचा क्लास दादर वेस्टला आहे, स्टेशनवरून चालत जाता येतं, फी ४,५०० आणि त्यात छापील नोट्स आणि चहा. मी तुर्भ्याला एका कोटिंगच्या कंपनीत क्यूसीला आहे, बॅचमध्ये आमच्यासारखे फॅक्टरीवालेच जास्त, थोडे फार्मावाले आणि एमएस्सी स्टॅटची मुलं. सगळा सिलॅबस इथे सांगत बसत नाही. लिहायचंय ते ब्लॉकिंगबद्दल, म्हणजे सारख्या परिस्थितीतल्या चाचण्यांचा एक गट करून तुलना त्या गटाच्या आतच करायची, कारण तो भाग सरांनी जसा शिकवला तसा मला कॉलेजातही कोणी शिकवला नव्हता आणि ऑफिसच्या ट्रेनिंगमध्ये तर त्याची जेमतेम एक स्लाइड असते.

सर फॉर्म्युल्यापासून सुरू करत नाहीत, शेतापासून करतात. इंग्लंडमधलं रोथॅमस्टेड हे शेती संशोधन केंद्र, तिथे १९१९ ला संख्याशास्त्रज्ञ रोनाल्ड फिशर रुजू झाला. शेताचा एक कोपरा कसदार, दुसरा नाही, मग कसदार कोपऱ्यात पडलेलं खत आपोआप जिंकणार. म्हणून जमीन साधारण सारखी असेल असे तुकडे, म्हणजेच ब्लॉक, पाडायचे, प्रत्येक तुकड्यात सगळी खतं टाकायची आणि तुकड्याच्या आत कुठलं कुठे ते चिठ्ठ्या टाकून ठरवायचं. मग सरांनी विचारलं, तुमच्या फॅक्टरीतली जमीन कुठली? आणि सगळे एकदम बोलायला लागले. रेझिनचा लॉट, शिफ्ट, ऑपरेटर, ओव्हनमधला रॅक, आणि आमच्याकडे तर पावसाळ्यातला दमटपणा, कोटिंग सुकायला किती वेळ लागेल ते तोच ठरवतो. जुना फॉर्म्युला सोमवारी घेतला, नवा मंगळवारी आणि मंगळवारी धो धो लागला, तर फरक फॉर्म्युल्याचा की पावसाचा हे नंतर कुठलंही सॉफ्टवेअर सांगू शकत नाही. दिवस हा ब्लॉक धरा, रोज दोन्ही फॉर्म्युले घ्या, क्रम रोज नव्याने रॅंडम काढा, बस. हे प्रयोगाच्या आधी ठरवायचं असतं, नंतर एक्सेलमध्ये बसून नाही, हे सर परत परत सांगतात आणि मला ते फार पटलं.

प्रॅक्टिकलला कागदी हेलिकॉप्टर. पंखांच्या लांबी-रुंदीची चार डिझाइन, सोडणारे पाच जण, प्रत्येकाने चारही सोडायची आणि जमिनीवर यायला किती सेकंद लागतात ते मोजायचं. कोणी हात उंच करून सोडतो, कोणी स्टॉपवॉच उशिरा दाबतो, त्यामुळे माणूस हाच ब्लॉक. मग बोर्डावर गणित, आणि आख्ख्या क्लासमधला सगळ्यात भारी भाग माझ्या मते हाच. डिझाइनचा सम ऑफ स्क्वेअर्स (त्या कारणाने आकड्यांत किती चढउतार झाला त्याचं माप) १.२, माणसांचा ३.०, उरलेली एरर ०.९६. ब्लॉक धरला तर एररला १२ डिग्रीज ऑफ फ्रीडम (एरर मोजायला उरलेले स्वतंत्र आकडे), एफ (डिझाइनचा सरासरी चढउतार एररच्या किती पट) येतो ५.०, टेबलमधली ५ टक्क्याची मर्यादा ३.४९, एफ तिच्यावर, म्हणजे डिझाइनमध्ये फरक आहे. तेच आकडे ब्लॉक विसरून केले की माणसांचे ३.० सगळे एररमध्ये जाऊन पडतात, डिग्रीज १६ होतात खऱ्या पण एफ उतरतो १.६ वर आणि टेबल म्हणतं ३.२४ पाहिजे, म्हणजे तोच डेटा आणि निष्कर्ष उलटा! ब्लॉकिंग फुकट नाही हेही त्यांनी लपवलं नाही, चार डिग्रीज द्याव्या लागतात, आणि ब्लॉकाब्लॉकात फरकच नसेल तर त्या वायाच गेल्या.

एका ब्लॉकमध्ये सगळ्या ट्रीटमेंट (ज्यांची तुलना करायची ती खतं, फॉर्म्युले, सॅम्पल) मावत नसतील तर काय, ओव्हनमध्ये जागा तिघांची आणि सॅम्पल सात? मग सात ब्लॉक, प्रत्येकात तीन, प्रत्येक सॅम्पल तीनदा येतं आणि कुठलीही जोडी बरोब्बर एकदाच एकत्र येते. मी घरी येऊन कागदावर मांडून बघितलं, खरंच बसतं. ह्याच विषयात आपल्या शरदचंद्र श्रीखंडेंचं मोठं काम आहे, बोस आणि पार्कर या गणितज्ञांबरोबर १९५९ मध्ये त्यांनी ऑयलर या गणितज्ञाचं १७८२ चं लॅटिन स्क्वेअरबद्दलचं (प्रत्येक ओळीत आणि रकान्यात प्रत्येक चिन्ह एकदाच येईल असा चौकोन) अनुमान खोटं ठरवलं आणि पुढे मुंबई विद्यापीठात गणिताचे विभागप्रमुख झाले. सरांनी हे दोन मिनिटांत उरकलं, मुंबईतल्या क्लासमध्ये ह्याला अर्धा तास मिळायलाच पाहिजे होता.

सॉफ्टवेअरचं सेशन ठीकठाक. वरच्या गणितासाठी एक्सेलमध्ये एनोव्हा टू फॅक्टर विदाऊट रिप्लिकेशन घ्यायचं एवढं कळलं की आमच्यासारख्यांचं काम भागतं, आर हे सॉफ्टवेअर वापरणाऱ्यांनी मॉडेलमध्ये ट्रीटमेंटच्या पुढे अधिकचं चिन्ह देऊन ब्लॉक लिहायचं. स्प्लिट प्लॉट (बदलायला अवघड गोष्ट एकदा लावून तिच्यात बाकीच्या बदलत जायचं ती आखणी) मात्र रविवारी शेवटी घाईघाईत संपवला, आणि फॅक्टरीत तोच जास्त लागतो कारण ओव्हनचं टेंपरेचर दर सॅम्पलला कोण बदलत बसणार. ब्लॉक आणि ट्रीटमेंटमध्ये इंटरॅक्शन असलं, म्हणजे ट्रीटमेंटमधला फरक ब्लॉकगणिक बदलत असला, तर हे साधं मॉडेल गंडतं, ह्यावर नोट्समध्ये एकच ओळ आहे, ती वाढवा प्लीज. खोली लहान आहे, मागच्या बाकांवरून बोर्ड नीट दिसत नाही, लवकर जा.

एमएस्सीवाल्यांना थिअरी ओळखीची वाटेल. प्लांटमध्ये ट्रायल घेणाऱ्यांनी मात्र करा, आणि जाताना स्वतःच्या ट्रायलचा डेटा घेऊन जा, कुठल्या दिवशी, कुठल्या लॉटमधून, कोणी घेतला त्यासकट, रविवारी दुपारी सर एकेकाचा बघतात.