फॉस्फो-ईआरकेची अँटिबॉडी: आठ महिन्यांनी, रिकामी व्हायल हातात घेऊन

सशाची मोनोक्लोनल अँटिबॉडी, ईआरके १/२ या पेशीत वाढीचा निरोप पोचवणाऱ्या प्रथिनांवर थ्रिओनिन २०२ आणि टायरोसिन २०४ या दोन्ही अमिनो आम्लांच्या जागी फॉस्फेट असेल तेव्हा पकडणारी, १०० मायक्रोलिटरची व्हायल. डेटाशीट सगळ्यांनी पाहिलेलीच असते. लिहायला बसायचं कारण सहाव्या महिन्यातला एक वेस्टर्न ब्लॉट (जेलवर वेगळी केलेली प्रथिनं मेम्ब्रेनवर उतरवून अँटिबॉडीने ओळखायची चाचणी). ईजीएफ (वाढीचा संकेत देणारं प्रथिन) दिलेल्या हेला पेशींच्या (प्रयोगशाळेत वाढवलेल्या मानवी पेशी) लेनमध्ये ४२ आणि ४४ किलोडाल्टनच्या जागी जेमतेम सावली, टोटल ईआरके (फॉस्फेट असो वा नसो, सगळा) मात्र ठणठणीत. जूनमध्ये फ्रीझर अर्धा दिवस बंद होता, तेव्हाच अँटिबॉडी गेली असं सगळ्यांनी ठरवूनही टाकलं. त्या दिवशी हा रिव्ह्यू लिहिला असता तर दोन तारे पडले असते, आणि ते अन्यायाचं झालं असतं.

निवाडा केला जुन्या लायसेटने, म्हणजे पेशी फोडून काढलेल्या द्रावणाने. व्हायल आली त्याच आठवड्यात २०० नॅनोमोलर पीएमए (ईआरकेला जागं करणारं रसायन) १५ मिनिटं दिलेल्या पेशींचं लायसेट २०-२० मायक्रोलिटरच्या भागांत उणे ८० ला ठेवलेलं होतं. त्याच मेम्ब्रेनवर, त्याच अँटिबॉडीत त्याचे दोन्ही बँड काळेकुट्ट आले. म्हणजे अँटिबॉडी, सेकंडरी (तिला पकडणारी दुसरी अँटिबॉडी) आणि ईसीएल (बँड उजळवणारं द्रावण) तिन्ही निर्दोष. नवीन नमुन्यांतला फॉस्फेटच लायसिसच्या वेळी गळून जात होता. ग्लिसरॉलमधली अँटिबॉडी अर्धा दिवस तापल्याने मरत नाही, नमुना मात्र बर्फावरही पाच मिनिटांत हातचा जातो. फॉस्फो-अँटिबॉडी घेणाऱ्याने असे लायसेटचे दहा-पंधरा भाग पहिल्याच आठवड्यात करून ठेवावेत आणि प्रत्येक ब्लॉटला एक लेन त्याला द्यावी. शेजारी १० मायक्रोमोलर यू०१२६ (मेकला रोखणारं रसायन) दिलेल्या पेशींची लेन असली की सिग्नल मेकवरून (ईआरकेला फॉस्फेट लावणारं एन्झाइम) आलेला आहे याचीही खात्री होते.

दोष निघाला सोडियम ऑर्थोव्हॅनाडेटच्या बाटलीत; फॉस्फेट टिकावा म्हणून लायसिस बफरमध्ये घालतात ते हे. द्रावण पिवळसर दिसलं की त्यात डेकाव्हॅनाडेट झालेलं असतं आणि टायरोसिन फॉस्फेटेज (टायरोसिनवरचा फॉस्फेट काढून टाकणारी एन्झाइमं) मोकाट सुटतात. बनवायचं असं: २०० मिलिमोलर द्रावण पीएच १० ला आणायचं, पिवळं दिसलं तर उकळून रंगहीन करायचं, गार झाल्यावर पुन्हा पीएच १०, आणि रंग परत येईनासा होईपर्यंत हाच फेरा. मग छोटे भाग उणे २० ला. लायसिस बफरमध्ये ताजं घालून १ मिलिमोलर ठेवायचं. त्या बफरमध्ये डीटीटी किंवा ईडीटीए असेल तर ते व्हॅनाडेटला निकामी करतात; कपाटातला रिपा (तयार लायसिस बफर) बहुधा ईडीटीए घालूनच ठेवलेला असतो, म्हणून आधी लेबल वाचा. थ्रिओनिनसाठी सोडियम फ्लोराइड आणि बीटा-ग्लिसरोफॉस्फेट वेगळे लागतात, ते काम व्हॅनाडेट करत नाही. घाई असेल तर थंड पीबीएसने एकदा धुऊन, थेट ९५ अंशांच्या सॅम्पल बफरमध्ये पेशी खरवडणं सगळ्यात खात्रीचं. डीएनएमुळे चिकट झालेलं लायसेट २६ गेजच्या सुईतून चार-पाच वेळा काढावं.

बेसलाइन (ईजीएफ न देताही दिसणारा सिग्नल) वर असल्याची तक्रारही अँटिबॉडीच्या माथी मारू नका. रात्रभर सीरम काढून ठेवलेल्या पेशींना निव्वळ मीडियम बदललं तरी ईआरके जागा होतो. ईजीएफ ताज्या मीडियममध्ये देऊ नका. १०० नॅनोग्रॅम प्रति मिलिलिटर होईल इतकं थोड्या आकारमानात त्याच डिशमध्ये सोडा आणि पाच मिनिटांत उचला.

आता खरी तक्रार. ती अँटिबॉडीबद्दल नाही, त्या १०० मायक्रोलिटरबद्दल आहे. शिफारस १:१००० ची, म्हणजे १० मिलिलिटरच्या ट्रेला १० मायक्रोलिटर, म्हणजे उणेपुरे दहा ब्लॉट. त्यातही ५० टक्के ग्लिसरॉल टिपला आणि झाकणाच्या आतल्या बाजूला चिकटतं. व्हायल उघडण्याआधी दहा सेकंद स्पिन करा. टिप पृष्ठभागाच्या जरा खाली, खोल नाही. सावकाश ओढा, बाहेरची बाजू व्हायलच्या काठाला टेकवून पुसा आणि बीएसएमध्ये (अँटिबॉडी पातळ करायचं अल्ब्युमिनचं द्रावण) तीन वेळा वर-खाली करून टिप धुवा. इतकं केलं नाही तर दोन मायक्रोलिटर घेताना दोन वाया जातात.

ट्रे सोडून मिनी ब्लॉट हीट-सीलच्या पिशवीत घातला तर ४ मिलिलिटर पुरतं. आमच्याकडे १:२००० ला, ४ अंशांना रात्रभर ठेवून, सिग्नल १:१००० इतकाच मिळाला. एका ब्लॉटला २ मायक्रोलिटर! ते द्रावणही ०.०२ टक्के अझाइड घालून ४ अंशांना ठेवलं की चार वेळा बिनबोभाट चालतं, पाचव्याला एक्स्पोजर वाढवावं लागतं. अझाइड एचआरपीला (सेकंडरीला जोडलेलं एन्झाइम) मारतं, तेव्हा सेकंडरीआधी टीबीएसटीची (धुण्याचं बफर) धुणी तीन वेळा पाच मिनिटं, चुकवायची नाहीत. दूध नको. केसीन स्वतः फॉस्फोप्रोटीन असल्याने पार्श्वभूमी काळवंडते; ५ टक्के बीएसए घ्या.

लोडिंगसाठी (सगळ्या लेनमध्ये सारखं प्रथिन पडलंय का ते पाहायला) ॲक्टिन लावणाऱ्यांना हात जोडून सांगतो, ॲक्टिन ४२ किलोडाल्टनचा आहे, ईआरके २ च्या डोक्यावरच बसतो. ट्युब्युलिन किंवा व्हिन्क्युलिन घ्या. टोटल ईआरकेसाठी शक्यतो दुसरी समांतर मेम्ब्रेन ठेवा, कारण स्ट्रिपिंगनंतर (पहिली अँटिबॉडी धुऊन काढल्यावर) उरलेल्या सिग्नलचा हिशोब लागत नाही. जेल १० टक्के, आणि ३७ चा मार्कर तळाजवळ येईपर्यंत चालवा, तरच ४२-४४ सुटे दिसतात.

साठवण सोपी आहे. उणे २० ला ग्लिसरॉलमुळे गोठत नाही, म्हणून भाग करायची गरज नाही. उणे ८० ला ठेवाल तर मात्र गोठेल. फ्रॉस्ट-फ्री फ्रीझर ठरावीक वेळाने स्वतःला तापवतो. त्यातच ठेवणं भाग असेल तर थर्माकोलच्या पेटीत ठेवा.

पुरवठा हा मुंबईतला जुना त्रास. माल बाहेरून येतो, तीन कोटेशनं गोळा करण्यात आठवडे जातात, आणि शुक्रवारी भिवंडीच्या गोदामातून निघालेलं पार्सल सोमवारपर्यंत परळच्या गेटवर सिक्युरिटीच्या टेबलाशेजारी विरघळलेल्या जेलपॅकसह पडून राहतं. डिस्ट्रिब्युटरला मंगळवार-बुधवारचीच डिलिव्हरी लेखी मागा.

साडेचार तारे. अर्धा कापला तो व्हायलच्या मापासाठी. पुढच्या इंडेंटमध्ये (खरेदीच्या मागणीपत्रात) मोठा पॅक मागितला आहे, आणि उणे ८० च्या पेटीत पीएमएच्या लायसेटचे अजून नऊ भाग शिल्लक आहेत. नवा लॉट आला की पहिली लेन त्याचीच.