पश्चिमेच्या भिंतीचं व्हेंटिलेटेड क्लॅडिंग: पद्धत झकास, कामगारांवर लक्ष ठेवा

डिचोलीतलं आमचं घर चिऱ्याचं, म्हणजे जांभ्या दगडाचं, आणि चिरा किती पाणी पितो हे गोव्यात कुणाला सांगायला नको, त्यात पश्चिमेची भिंत म्हणजे सगळा पाऊस थेट तिच्याच अंगावर. वॉटरप्रूफ रंग मारून मारून थकलो, चवथीपर्यंत आतून पोपडे ठरलेले. रंगवाला म्हणे अजून एक कोट मारा. पण बारीक भेगेतून पाणी शिरायचं ते शिरतंच, वर तोच रंग भिंतीला सुकू देत नाही, म्हणजे पैसे देऊन ओल कोंडायची.

शेवटी गेल्या मेमध्ये म्हापशाच्या एका कॉन्ट्रॅक्टरकडून तेवढ्याच भिंतीला व्हेंटिलेटेड क्लॅडिंग, म्हणजे भिंतीपासून फट सोडून बाहेरून बोर्डांचं आवरण, करून घेतलं. जुना रंग खरवडला, मग वाफ जाऊ देणारी मेम्ब्रेन (पातळ पडदा), तिच्यावर उभ्या पट्ट्या, त्यावर फायबर सिमेंटचे बोर्ड, आणि बोर्डामागे साधारण 30 मिमी फट, खाली-वर उघडी. पाऊस बोर्ड झेलतो, थोडं आत गेलंच तर मागून ओघळून खाली पडतं, आणि ऊन आलं की फटीतली हवा तापून वर जाते, खालून नवी येते. आमची आजी पावसाआधी भिंतीला झावळ्या बांधायची, तसंच की हे, फक्त दरवर्षी बदलायला नको. पट्ट्या मात्र उभ्याच हं, आडव्या मारल्या तर पाणी त्यांच्यावर अडतं आणि हवापण.

आता कामाचं. पोरांनी पाली-मुंग्या शिरतील म्हणून खालची फट सिलिकॉनने बुजवून टाकली! अहो, त्या फटीचेच तर पैसे मोजले. काढायला लावलं, बारीक स्टीलची जाळी बसवून घेतली. खिडकीवरचं फ्लॅशिंग, म्हणजे पाणी बाहेर वळवणारी पट्टी, मागितल्यावर आलं. कोटेशनमध्ये 316 स्टेनलेसचे (खाऱ्या हवेतही सहसा न गंजणारे) स्क्रू आणि हातात साधे जीआयचे, म्हणजे जस्ताचा मुलामा दिलेल्या लोखंडाचे, तेही बदलून घेतले, मांद्रे-हरमलच्या खाऱ्या हवेत राहणाऱ्यांनी तर हे बघूनच घ्या.

अख्खा पावसाळा गेला, खिडकीभोवतीचा काळा डाग परत आला नाही, कपाटातला कुबट वास गेला. जोत्याजवळ मात्र अजून ओल आहे, ती जमिनीतून चढते, तिला क्लॅडिंग काय करणार. खर्च रंगाच्या कितीतरी पट.

पूर्वेची भिंतपण करा म्हणून आता कॉन्ट्रॅक्टरचे फोन चालू आहेत. ती बलकांवाच्या (दारापुढच्या ओसरीच्या) छपराखाली, तिला पाऊस लागतोच कुठे? पद्धतीला पाच स्टार, कामाला तीन.