पंख्याचं विमान: एटीआर ७२-६०० किती खरं, किती बरं

जळगाव, सोलापूर, अमरावती किंवा सिंधुदुर्गाचं तिकीट काढताना विमानाच्या रकान्यात ‘एटीआर’ दिसलं, की लोक दोन प्रश्न हमखास विचारतात. पंख्याचं विमान म्हणजे जुनं असेल ना? आणि सुरक्षित असतं ना?

जुनेपणाचा प्रश्न लगेच निकालात निघतो. ७२-६०० ही मालिका २०११ मध्ये सेवेत आली आणि मूळ ‘७२’चं पहिलं उड्डाण १९८८ चं. ज्या बोईंग ७३७ मध्ये आपण निर्धास्त बसतो, त्याचं पहिलं उड्डाण १९६७ चं, म्हणजे नात्याने ते एटीआरचं काका लागतं. बाहेर पंखा फिरत असला, तरी आत जेटसारखंच गॅस टर्बाइन असतं. फरक इतकाच, की इथे टर्बाइनची बहुतेक ताकद गिअरबॉक्समधून ३.९३ मीटर व्यासाच्या सहा पात्यांच्या प्रोपेलरला दिली जाते. धड इटलीत नेपल्सजवळ तयार होतं, जोडणी फ्रान्सच्या तुलूझमध्ये होते, आणि ते बनवणाऱ्या एटीआर कंपनीची मालकी एअरबस व लिओनार्दो यांच्याकडे निम्मी-निम्मी आहे.

सुरक्षेच्या प्रश्नाला एका ओळीत उत्तर देता येत नाही, त्याकडे पुढे येऊ. आधी पैशांचं बोलू, कारण हे विमान आपल्या गावी उतरतं ते पैशांच्या गणितामुळेच.

साधारण ३७० किलोमीटरच्या टप्प्याला एटीआर ढोबळमानाने सहाशे-साडेसहाशे किलो इंधन पितं. त्याच टप्प्याला एअरबसचं मोठं जेट ए३२० निओ अठराशे ते दोन हजार किलो घेईल. निओमध्ये १८६ खुर्च्या आणि एटीआरमध्ये ७० ते ७८, त्यामुळे दोन्ही विमानं भरून गेली तर खुर्चीमागे फरक एक-दोन किलोचाच उरतो. पण जळगावहून सकाळी पन्नासच माणसं निघणार असतील, तर एटीआर सत्तर टक्के भरलं आणि निओ पाऊण रिकामं गेलं. विमान कंपनीचा जीव खुर्चीमागच्या खर्चापेक्षा फेरीमागच्या खर्चात अडकलेला असतो, आणि लहान गावाच्या फेरीला इतकं स्वस्त पडणारं दुसरं विमान आज बाजारात जवळपास नाहीच.

त्यात सरकारी नियमांचीही साथ आहे. ४० टनांखालच्या विमानाला भरलेल्या इंधनावर राज्यांना वाटेल तेवढा विक्रीकर लावता येत नाही, केंद्रीय कायद्याने त्याला मर्यादा घातलेली आहे. एटीआरचं कमाल उड्डाण-वजन २३ टन, म्हणजे ते या सवलतीत आरामात बसतं. शिवाय ८० पेक्षा कमी आसनांच्या देशांतर्गत विमानांना लँडिंग शुल्क माफ असतं. इंडिगोच्या एटीआरमध्ये नेमक्या ७८ खुर्च्या का आहेत, याचं कोडं इथे बरंचसं सुटतं. गुडघ्याला समोरची खुर्ची टेकली, तर दोष तुमच्या उंचीला देऊ नका.

लहान शहरं विमानाने जोडणाऱ्या सरकारी ‘उडान’ योजनेचा पायाही याच विमानांवर उभा राहिला. २७ एप्रिल २०१७ ला पहिल्या उड्डाणांना हिरवा झेंडा दाखवला, त्यात नांदेड–हैदराबाद होतं आणि ते ट्रूजेटच्या एटीआरने झालं. ट्रूजेट पुढे बंद पडली. योजनेची मेख अशी, की निम्म्या आसनांवर भाड्याची मर्यादा आणि त्या तोट्यापोटी अनुदान, पण तीनच वर्षं. मुंबई–सिंधुदुर्ग ही अलायन्स एअरची सेवा ऑक्टोबर २०२१ मध्ये सुरू झाली आणि अनुदानाची तीन वर्षं संपताच थांबली. तेव्हा एखादा मार्ग उडानखाली सुरू झाला, की पहिली फेरी कधी निघाली ती तारीख लक्षात ठेवा आणि त्यात तीन वर्षं मिळवा. त्यानंतरही विमान येत असेल, तर तो मार्ग खऱ्या अर्थाने रुजला.

आता विमानतळावरचं दृश्य. एटीआरला एपीयू नाही. मोठ्या विमानाच्या शेपटीत वीज आणि थंड हवेसाठी जे छोटं इंजिन असतं, तेच हे. ते गाळल्याने वजन वाचलं, देखभाल वाचली. पण उभ्या विमानात दिवे-पंखे चालवायचे कसे? तोडगा नामी आहे. उजव्या बाजूचं इंजिन चालूच ठेवायचं आणि त्याच्या प्रोपेलरला ब्रेक लावायचा. या इंजिनात प्रोपेलर फिरवणारं टर्बाइन बाकीच्या दोन शाफ्टपासून मोकळं असतं, म्हणून ते जखडलं तरी आतला गाभा फिरत राहतो. याला म्हणतात ‘हॉटेल मोड’. तुम्ही डाव्या बाजूने, शेपटीकडच्या दारातून चढता तेव्हा पलीकडे शिट्टीसारखा आवाज आणि रॉकेलचा वास येतो, पण उजवा पंखा मात्र निश्चल. बिघाड नाही, ती रीत आहे.

रीत असली तरी मे महिन्यात ती उघडी पडते. हॉटेल मोडमध्ये थंड हवेच्या यंत्रणेला मिळणारी हवा बेताचीच. सोलापूर-अमरावतीच्या ४२ अंशांत धावपट्टीशेजारी तापलेलं धड, दार उघडं, आत सत्तर माणसं. अशा वेळी हवाई सुंदरीला बोलून उपयोग नाही. डावं इंजिन सुरू होऊन विमान हललं की गार वाटू लागतं आणि चढताना खरी थंडी येते. मागून वारा जोराचा असेल, तर हॉटेल मोड वापरताच येत नाही, मग जमिनीवरच्या वीजगाडीवर भिस्त. लहान विमानतळावर ती गाडी आहे का, चालू आहे का, यावर तुमचा घाम ठरतो.

उन्हाचा दुसरा फटका वजनाला. रिकामं विमान साधारण साडेतेरा टनांचं, माणसं-सामान सात टनांच्या आसपास. २३ टनांच्या मर्यादेत इंधनाला उरतात दोन-अडीच टन. जवळच्या टप्प्याला ते पुरून उरतं. पण समुद्रसपाटीला, सौम्य हवेत, पूर्ण वजनाने उडायला १,३०० मीटरच्या वर धावपट्टी लागते, आणि हवा तापली की पातळ होते, इंजिनाची ताकद घटते, पंखांची उचल कमी पडते, लागणारी लांबी वाढत जाते. अमरावतीच्या बेलोरा विमानतळाची धावपट्टी १,८५० मीटरपर्यंत वाढवून एप्रिल २०२५ मध्ये विमानसेवा सुरू झाली, तेव्हा आराखड्यात एटीआरच डोळ्यापुढे होतं. तरी कडक दुपारी, त्यातही जिथे इंधन भरायची सोय नाही आणि परतीचं इंधन येतानाच पोटात घेऊन यावं लागतं, तिथे वजन कापावंच लागतं. कापलं जातं ते बहुधा सामान. बॅग दुसऱ्या दिवशी येण्याची कथा इथून सुरू होते. मार्च ते जूनमध्ये पर्याय असेल तर सकाळचं विमान घ्या.

हादरे बसतात का? बसतात, आणि त्याला कारण आहे. एटीआरच्या पंखांचं क्षेत्रफळ ६१ चौरस मीटर, म्हणजे पूर्ण वजनातही दर चौरस मीटरवर ३७५ किलोच्या आसपास भार. ए३२० निओमध्ये हाच आकडा साडेसहाशेच्या जवळ जातो. भार कमी असला की वाऱ्याची तीच झुळूक विमानाला जास्त उचलते. वर एटीआर २५ हजार फुटांच्या पुढे जात नाही आणि आपल्या टप्प्यांवर तर बरंच खालून उडतं, जिथे दुपारचे उष्ण झोत आणि पावसाळी ढग दोन्ही भेटतात. रिकामी बैलगाडी भरलेल्या गाडीपेक्षा जास्त उडते, तसंच हे. अस्वस्थ करतं, पण रचनेला त्याने काही होत नाही. पोटात ढवळत असेल तर पंखाजवळच्या मधल्या रांगा घ्या, तिथे झोके सर्वांत कमी.

आवाजाचंही सांगून ठेवायला हवं. उड्डाणाच्या वेळी प्रोपेलर मिनिटाला १,२०० फेरे घेतो. वर गेल्यावर तो ८२ टक्क्यांवर, म्हणजे ९८४ फेऱ्यांवर आणला जातो. आवाजाची पट्टी एकदम खाली येते आणि खिडकीशी बसलेला नवखा प्रवासी शेजाऱ्याचा हात धरतो, इंजिन गेलं म्हणून. तसंच उतरल्यावर चाकं टेकताच पात्यांचा कोन सपाट होतो, ती हवेला आडवी येतात आणि घर्रर्र असा मोठा आवाज उठतो. हा ब्रेकचाच भाग. सर्वांत जास्त गुणगुण पुढच्या भागात, प्रोपेलरच्या रेषेत, मागे शांत.

आता सुरक्षा. एटीआरच्या इतिहासात एक शब्द पुन्हापुन्हा येतो, तो म्हणजे बर्फ. ३१ ऑक्टोबर १९९४ ला अमेरिकेत रोझलॉनजवळ एटीआर ७२ कोसळलं, ६८ जण गेले. पंखाच्या पुढच्या कडेला रबरी ‘बूट’ असतात. त्यांत ठरावीक वेळाने हवा भरली जाते, ते फुगतात आणि साचलेला बर्फ तडकून उडतो. त्या दिवशी गोठणबिंदूखालचे मोठे थेंब बुटाच्या मागे वाहत जाऊन गोठले. तिथे बर्फाची सरी तयार झाली, हवेचा प्रवाह पंखापासून सुटला आणि एलेरॉन, म्हणजे पंखाच्या टोकाकडची विमान कलवणारी फळी, स्वतःहून एका बाजूला खेचलं गेलं. त्यानंतर बूट मागेपर्यंत वाढवले आणि कार्यपद्धती बदलल्या. तरीही ९ ऑगस्ट २०२४ ला ब्राझीलमध्ये विन्येदो इथे आधीच्या मालिकेतलं ७२-५०० कोसळून ६२ जण मृत्युमुखी पडले, तेही बर्फाच्या पट्ट्यातून उडताना, वेग घटल्याचे इशारे मिळालेले असताना.

मग आपल्याकडे? वैमानिकाच्या खिडकीबाहेर बोटभर आकाराचा एक दांडा असतो, बर्फ आधी त्यावर दिसतो. संगणक वजन आणि ताकद यांवरून अपेक्षित वेग काढतो आणि प्रत्यक्ष वेग कमी पडू लागला की पायरीपायरीने इशारे देतो. शेवटचा इशारा सरळ ‘वेग वाढवा’ असा. स्पीडोमीटरवर बर्फासाठी वेगळी किमान खूण असते, तिच्या खाली जायचं नाही. महाराष्ट्रावर पावसाळ्यात शून्य अंशाची पातळी साधारण १६ ते १८ हजार फुटांवर असते, म्हणजे एटीआर उडतं साधारण त्याच उंचीवर. पण महाराष्ट्रात सह्याद्रीचं सर्वांत उंच टोक कळसूबाई, ते १,६४६ मीटर, सुमारे ५,४०० फूट. बर्फ धरला तर १२-१३ हजारांवर उतरायला भरपूर जागा आहे, आणि तिथे तो वितळतो. हिमालयात ही चैन नाही.

दुसरा धडा हातांचा. ४ फेब्रुवारी २०१५ ला तैपेईत ७२-६०० च्या एका इंजिनाचा प्रोपेलर आपोआप फेदर झाला, म्हणजे पाती वाऱ्याच्या धारेत वळली. यंत्रणा त्यासाठीच आहे: बंद पडलेल्या बाजूचा अडथळा कमी करायचा आणि दुसऱ्या इंजिनाची ताकद आपोआप वाढवायची. वैमानिकाने बंद केलं ते नेमकं चांगलं इंजिन. ४३ जण गेले. १५ जानेवारी २०२३ ला नेपाळमध्ये पोखऱ्याला ७२-५०० मध्ये फ्लॅपच्या (उतरताना पंखाची उचल वाढवणाऱ्या फळ्यांच्या) दांड्याऐवजी दोन्ही इंजिनांचे कंडिशन लीव्हर, म्हणजे प्रोपेलर आणि इंधनाचे दांडे, फेदरवर ओढले गेले, ७२ बळी. आणि २००५ मधली ट्यूनइंटर या ट्युनिशियाच्या विमान कंपनीची घटना तर कारखान्याच्या भिंतीवर लावावी अशी: एटीआर ७२ मध्ये त्याच्या धाकट्या भावाचा, एटीआर ४२ चा, इंधनमापक बसवला, काटा भरपूर इंधन दाखवत राहिला, टाकी रिकामी झाली आणि विमान सिसिलीजवळ समुद्रात उतरवावं लागलं. १६ जण दगावले. दोन्ही भाग दिसायला सारखे, बसतातही सारखेच.

यावरून मत असं, की हे यंत्र भक्कम आहे, पण चुकीला माफ करण्यात मोठ्या जेटपेक्षा कंजूष आहे. चालवणाऱ्याच्या प्रशिक्षणावर आणि देखभालीच्या शिस्तीवर ते जास्त अवलंबून असतं. म्हणून तिकीट काढताना ‘एटीआर आहे का’ यापेक्षा ‘चालवतंय कोण’ हा प्रश्न जास्त कामाचा.

पर्यावरणाचा दावा थोडा ताणलेला. समान आकाराच्या जेटपेक्षा ४५ टक्के कमी कार्बन, असं कंपनी सांगते, आणि पंख्याचं तत्त्वच तसं आहे: पुष्कळ हवा थोड्या वेगाने ढकलणं हे थोडी हवा जोरात ढकलण्यापेक्षा स्वस्त. खालून उडत असल्याने मागे पांढरे पट्टेही क्वचितच राहतात. जून २०२२ मध्ये स्वीडनमध्ये दोन्ही इंजिनांत निव्वळ शाश्वत इंधन घालून हे विमान उडवून दाखवलं. पण किलोभर इंधनामागे ३.१६ किलो कार्बन डायऑक्साइड निघतो, म्हणजे वरच्या ३७० किलोमीटरला खुर्चीमागे पंचवीस-तीस किलो. विजेवर धावणारी रेल्वे त्या मार्गावर असेल, तर तुलनाच नको.

सेवेतला सर्वांत मोठा त्रास विमानाचा नाहीच, वेळेचा आहे. एकच विमान दिवसभरात आठ-आठ फेऱ्या मारतं, मधे पंचवीस-तीस मिनिटं. सकाळी अर्धा तास चुकला की संध्याकाळी दोन तास. आयएलएस (धावपट्टीकडे नेणारी रेडिओ-संकेतांची यंत्रणा) नसलेल्या लहान विमानतळावर डोळ्यांनी बघून उतरायचं, तर पाच किलोमीटर दृश्यमानता लागते. जुलैत ती दुपारपर्यंत मिळत नाही. मुंबईत तर जेटच्या रांगेत हळू येणारं विमान नियंत्रकांना नकोच असतं, आणि स्लॉटही (उतरण्या-उडण्याची ठरलेली वेळ) महाग. गोव्यातला मोपा विमानतळ हे घर मानणाऱ्या फ्लाय९१ या कंपनीने सोलापूर, जळगाव, सिंधुदुर्ग हे मार्ग गोवा-पुण्याकडून जोडले, ते या दृष्टीने शहाणपणाचं.

सोलापूरचं तिकीट हातात असेल, तर शेवटचं थोडं: चाकांची मोठी बॅग वरच्या कप्प्यात जात नाही, ती शिडीशी काढून घेतली जाते, म्हणून औषधं आणि चार्जर आधीच खिशात घाला. दार मागे असल्याने पहिल्या रांगेतला माणूस सर्वांत शेवटी उतरतो. मधल्या रांगेत खिडकी मिळाली, तर पंख डोक्यावर असल्याने खालचं सगळं मोकळं दिसतं, आणि उतरायच्या थोडं आधी धडाच्या पोटातून चाकं बाहेर येताना दिसतात.