तांब्याचं नवग्रह यंत्र, आठ महिन्यांनंतर: शनीच्या घरात तीन कमी

सहा इंची, नऊ ग्रहांचे नऊ चौकोन, प्रत्येकात नऊ घरं आणि घरागणिक एक उठावाचा आकडा, मागे लाकडी पाट नाही, नुसता पत्रा. ६५० रुपये मोजले. माझी रास मीन, साडेसाती चालू आहे, म्हणून मुख्यतः शनीसाठीच घेतलं.

तांबं चांगलं आहे, ते आधी सांगते. चिंच-मीठ लावलं की दोन मिनिटांत लखलखतं, आणि आठ महिन्यांत आकडे जराही झिजलेले नाहीत. पत्रा मात्र पातळ आहे, घासताना कोपरा वाकतो. तेवढं चालवून घेतलं असतं.

गेल्या महिन्यात नात शेजारी बसून पाढे म्हणत होती. चौथीत आहे. तिला म्हटलं, प्रत्येक चौकोनाची बेरीज करून बघ. सूर्याचे १५, चंद्राचे १८, मंगळाचे २१, असं तीन-तीनने चढत केतूचे ३९. आडवी, उभी, तिरकी, कशीही करा. भराभर करत गेली आणि थांबली. "आजी, शनीचं जुळत नाही गं."

मी चष्मा लावून पाहिलं. वरची ओळ १२, ७, १४. मधली १३, ११ आणि ६. तिथे ९ हवा! ३३ च्या जागी ३०. त्या घरातून जाणारी उभी ओळही ३०. साचा करणाऱ्याने ६ आणि ९ ची गल्लत केली आणि तसाच छाप उठवला. नऊ ग्रहांत चुकला तो नेमका शनी. रात्री झोप लागली नाही मला.

दुसऱ्या दिवशी पावती घेऊन दुकानात गेले. "मावशी, श्रद्धा महत्त्वाची, आकडे कोण मोजतं?" आणि वर, पूजेत ठेवलेलं यंत्र परत घेत नाही म्हणे. अहो, यंत्राला मूर्तीसारखा चेहरा नसतो, हातपाय नसतात. आकडे हेच त्याचं रूप. खजुराहोच्या पार्श्वनाथ मंदिरात सोळा घरांचं चौतिसा यंत्र दगडात कोरलेलं आहे, कुठूनही बेरीज करा, ३४ च येते. छिन्नीने दगडात कोरणाऱ्याने जे सांभाळलं, ते साच्यातून पत्रे काढणाऱ्याला नऊ आकड्यांत सांभाळता येऊ नये?

रागाच्या भरात "घेऊच नका" असं लिहिणार होते. पण नातीने आणखी एक गोष्ट दाखवली आणि माझं मत थोडं बदललं. सूर्याच्या प्रत्येक घरात एक-एक मिळवला की चंद्र होतो, चंद्रात मिळवला की मंगळ. म्हणजे सूर्याचा एक चौकोन पाठ असला की नऊही ग्रह कागदावर उतरवता येतात. इतकी वर्षं देवघरात हात जोडले, हे कधी दिसलं नव्हतं. आमच्या गुरुजींनी भूर्जपत्र आणून दिलं. अष्टगंध उगाळून डाळिंबाच्या काडीने शनीचं यंत्र मी स्वतः लिहिलं. नात शेजारी बसून बेरीज तपासत होती. आता तेच पूजेत आहे, पत्रा त्याच्यामागे उभा केलाय.

तेव्हा घ्यायचं तर घ्या, पण पैसे देण्याआधी काउंटरवरच बेरजा करा. मधल्या आकड्याची तिप्पट म्हणजे त्या ग्रहाची बेरीज, शनीचा ११, म्हणून ३३. आणि सहा-नऊ नीट बघा. मी पावती जपून ठेवली आहे. येत्या शनिवारी पुन्हा जाणार आहे, या वेळी नातीला घेऊन.