जॉन बॉडनार यांची पुस्तकं : नऊ महिने हाताशी ठेवल्यावर

जॉन बॉडनार हे अमेरिकेतल्या स्थलांतरितांवर आणि कामगारांवर लिहिणारे इतिहासकार. त्यांच्या पुस्तकांचा वापर कसा झाला ते आधी सांगते. पूर्ण वाचलेली पुस्तकं सहा, महिने नऊ. तीन इथल्या वाचनालयातून आणली, दोन जुनी विकत मागवली, एक फोनवर वाचलं. मी इतिहासाची विद्यार्थिनी नाही. नवऱ्याच्या नोकरीमुळं पेनसिल्व्हेनियात हॅरिसबर्गजवळ राहते, आणि या सगळ्याला कारण झाला तो एक रस्ता. सस्क्वेहाना नदीच्या काठानं दक्षिणेला निघालं की स्टीलटन नावाचं गाव लागतं. गावापेक्षा कारखानाच लांब. गाडी पुढं जात राहते आणि तो संपत नाही. एवढ्याशा गावात क्रोएशियन लोकांचं वेगळं चर्च, स्लोव्हेनांचं वेगळं, सर्बांचं वेगळं कशाला, असं वाचनालयातल्या बाईंना विचारलं, तर त्यांनी उत्तर देण्याऐवजी एक पुस्तक काढून दिलं.

ते होतं 'इमिग्रेशन अँड इंडस्ट्रियलायझेशन', 1977 सालचं. बॉडनार पुढं इंडियाना विद्यापीठात प्राध्यापक म्हणून नावारूपाला आले, पण त्याआधी ते याच राज्याच्या इतिहास आणि वस्तुसंग्रहालय आयोगात नोकरीला होते. हे अख्खं पुस्तक एकट्या स्टीलटनवर आहे. 1860च्या दशकात पेनसिल्व्हेनिया स्टील कंपनीनं इथं रेल्वेचे पोलादी रूळ बनवायला घेतले. 1916 मध्ये बेथलहेम स्टीलनं ती कंपनी विकत घेतली. आधी जर्मन आणि आयरिश, मग अमेरिकेच्या दक्षिण भागातून आलेले कृष्णवर्णीय, मग स्लोव्हेन, क्रोएशियन, सर्ब, बल्गेरियन, असं गाव भरत गेलं. बॉडनार यांचं म्हणणं असं की ही माणसं बोटीतून उतरली तेव्हा मनानं आपल्या खेड्याची होती. त्यांचे 'समाज' घट्ट झाले ते इथं आल्यावर, कारखान्याच्या भिंतीलगत. वरच्या जागा जुन्या अमेरिकनांनी धरून ठेवलेल्या, म्हणून प्रत्येकानं आपापलं चर्च बांधलं, आजारपणात आणि मयतीत पैसे देणारं आपापलं मंडळ काढलं. माझ्या प्रश्नाचं उत्तर मिळालं, फक्त ते देवाधर्मात नव्हतं.

कोष्टकं खूप आहेत. पहिल्या वाचनात मी सगळी ओलांडून गेले. दुसऱ्यांदा तीच वाचली.

सगळ्यात झिजलं मात्र दुसरंच : 'लाइव्ज ऑफ देअर ओन', 1982, रॉजर सायमन आणि मायकेल वेबर यांच्याबरोबर लिहिलेलं. पिट्सबर्गमधले कृष्णवर्णीय, इटालियन आणि पोलिश, 1900 ते 1960. जुनी प्रत घेतली होती. विकणाऱ्यानं 'उत्तम अवस्था' लिहिलं होतं. पाठीचा डिंक दुसऱ्या आठवड्यात सुटला. आता रबर लावून ठेवते. पण हे एकच पुस्तक घ्यायचं असेल तर हेच घ्या, आणि का ते जरा सविस्तर सांगते.

पोलिश पोरगा पोलादाच्या कारखान्यात लागायचा तो बापाच्या, काकाच्या नाहीतर शेजाऱ्याच्या शब्दावर. फोरमनच्या कानावर घातलं की काम झालं. आपण याला वशिला म्हणतो आणि नाक मुरडतो. इथं तो वाचताना नाक मुरडावंसं वाटत नाही, कारण त्यावर अख्खं घर चाललेलं दिसतं. पोरगा बापाच्याच खात्यात, पगार आईच्या हातात, आणि पैशाला पैसा जोडत शेवटी कारखान्याजवळ स्वतःचं घर. त्याच शहरात, त्याच वर्षांत, दक्षिणेतून आलेला कृष्णवर्णीय तरुणही त्याच फाटकाशी उभा होता. त्याचेही नातेवाईक कुठं ना कुठं कामाला होते, पण त्यांच्या शब्दाला फोरमनकडं किंमत नव्हती. मग त्याचे आईबाप त्याला काय सांगणार? तुझं तू बघ, स्वतःच्या पायावर उभा राहा. नोकरी आम्ही देऊ शकत नाही, म्हणून तुझ्या पगारावर आमचा हक्कही तेवढा नाही. बाहेरून बघणाऱ्याला एक समाज कुटुंबवत्सल दिसतो आणि दुसरा विस्कटलेला. लेखक म्हणतात, संस्काराच्या गप्पा नंतर करा. आधी बापाच्या शब्दाला कारखान्यात काय भाव होता ते बघा.

इथं मी पुस्तक मिटून काही दिवस बाजूला ठेवलं. माझे आजोबा लालबागच्या गिरणीत बदली कामगार म्हणून चिकटले ते चुलत्याच्या ओळखीनं. घरात हे कौतुकानं सांगतात, मीही सांगत आले. त्याच काळातल्या मुंबईच्या गिरण्यांत विणकाम खात्यात अस्पृश्य कामगारांना घेत नसत. धोट्यातला धागा तोंडानं ओढावा लागतो, विटाळ होईल, असं सवर्ण कामगारांचंच म्हणणं होतं. पगार त्याच खात्यात जास्त. डॉ. आंबेडकरांनी 1928च्या संपाच्या वेळी हा प्रश्न लावून धरला होता. हे मला आधीपासून माहीत होतं, आणि आजोबांची गोष्टही माहीत होती. दोन्ही एकाच गिरणीच्या गोष्टी आहेत, हे पिट्सबर्गवरचं पुस्तक वाचेपर्यंत डोक्यात आलं नव्हतं.

आमच्या गल्लीत एक आजी आहेत, मूळ क्रोएशियन घराण्यातल्या. त्यांचे आजोबा स्टीलटनला होते. रबर लावलेली प्रत त्यांना दिली तर आठवडाभरानं परत आली, आत एक चिठ्ठी : आजोबांना कुणी लावलं, आजोबांनी पुढं कुणाकुणाला लावलं, अशी सात नावं. खाली विचारलं होतं, तुझ्या नवऱ्याला इथं कुणी लावलं? मावसभावानं. अर्ज त्यानंच साहेबाच्या टेबलावर नेऊन ठेवला होता.

'द ट्रान्सप्लँटेड' (1985) हे बॉडनार यांचं सगळ्यात गाजलेलं पुस्तक, आणि माझं मन त्यात तितकंसं रमलं नाही. नावातच भांडण आहे. इतिहासकार ऑस्कर हँडलिन यांच्या 1951च्या 'द अपरूटेड'ला पुढच्याच वर्षी पुलित्झर पारितोषिक मिळालं होतं. त्यात स्थलांतरित म्हणजे मुळासकट उपटलेला, भांबावलेला माणूस. बॉडनार म्हणतात, उपटलेला नव्हे, हलवून लावलेला, आणि पुष्कळदा स्वतःच्या हिशेबानं हललेला. गावात शेतीचे तुकडे झाले, कारखान्याच्या मालानं हातकामाचं पोट मारलं, मग कुणाला पाठवायचं हे घरानं ठरवलं. पैसे साठवून परत जायचं हा बेतही कित्येकांचा होता, आणि खूप जण गेलेही. मांडणी मला पूर्ण पटते. पण शंभर वर्षं, 1830 ते 1930, आणि सगळे युरोपीय समाज एकाच पुस्तकात बसवताना माणसं गर्दीत हरवतात. 'भांडवलशाही' हा शब्द इतक्या वेळा येतो की मी एका प्रकरणात पेन्सिलीनं खुणा करत बसले होते (वाचनालयाच्या प्रतीत, नंतर खोडल्या). स्टीलटनच्या पुस्तकात कामगाराच्या बोटांची काजळी पानाला लागते. इथं हात कोरडे राहतात.

ती उणीव 'वर्कर्स वर्ल्ड'नं भरून निघते. त्यात पेनसिल्व्हेनियाचे जुने कामगार स्वतः बोलतात, मुलाखतींच्या रूपानं. क्रांती नको, बढतीही नाही मिळाली तरी चालेल, पण काम टिकावं आणि घर चालावं, हा सूर पुन्हा पुन्हा येतो. आजारी होते तेव्हा रोज एक मुलाखत वाचायची, एवढाच नेम ठेवला होता.

देशभक्तीवरच्या पुस्तकांचा वापर मी अगदी वेगळा केला. 'रीमेकिंग अमेरिका' (1992) वाचून संपवायचं पुस्तक नाही, मिरवणुकीला जाताना आठवायचं आहे. सुरुवात वॉशिंग्टनच्या व्हिएतनाम स्मारकापासून आहे. 1982 मध्ये माया लिनच्या आराखड्याची काळी भिंत उभी राहिली, तिच्यावर मेलेल्यांची नावं, बाकी काही नाही. ज्यांना तेवढ्यानं भागत नव्हतं त्यांच्यासाठी दोन वर्षांनी शेजारी तीन सैनिकांचा पुतळा बसवला. बॉडनार यांचा मुद्दा असा की सार्वजनिक आठवण दोघांच्या ओढाताणीतून बनते. एकीकडं सरकार आणि पुढारी, त्यांना एकी आणि निष्ठा हवी. दुसरीकडं साधी माणसं, त्यांना आपला मुलगा, आपलं गाव, आपलं दुःख हवं.

त्यातलं 1925चं नॉर्वेजियन शताब्दीचं प्रकरण मी तीनदा वाचलं. 1825 मध्ये स्टॅव्हँगरहून एक लहानसं गलबत न्यूयॉर्कला आलं होतं, त्याची शंभरी मिनेसोटात साजरी झाली. राष्ट्राध्यक्ष कूलिज भाषणाला आले, टपाल तिकिटं निघाली. पहिल्या महायुद्धानंतर परकी भाषा बोलणाऱ्याकडं संशयानं बघायचे दिवस होते, त्यामुळं आम्ही किती चांगले अमेरिकन आहोत हे मंचावरून सांगणं भागच होतं. हे वाचल्यानंतर आमच्या इथल्या गणपतीला गेले. मंचावर दोन्ही राष्ट्रगीतं, स्थानिक पाहुण्यांचा सत्कार, आमच्या समाजात डॉक्टर आणि इंजिनियर किती त्याचा हिशेब. मागं मोदकांच्या रांगेत व्हिसाचं काय झालं, आईला भेटून किती वर्षं झाली. पूर्वी मंचावरचं बोलणं कंटाळवाणं वाटायचं. आता कान दोन्हीकडं असतात.

'डिव्हायडेड बाय टेरर' (2021) फोनवर वाचलं. 11 सप्टेंबरनंतरच्या दोन देशभक्ती : एक सूड आणि युद्ध मागणारी, दुसरी दुसऱ्याचं दुःख ओळखणारी. विषय आपल्या फार जवळचा आहे. हल्ल्यानंतर चारच दिवसांनी ॲरिझोनात मेसा इथं बलबीर सिंग सोढी यांना त्यांच्याच पेट्रोल पंपाबाहेर गोळी घालून मारलं, कारण डोक्यावर पगडी. तरीही पुस्तक मला थोडं सपाट वाटलं. दोन कप्पे इतके स्वच्छ आखलेत की एकाच घरात, कधी एकाच माणसात दोन्ही भावना नांदतात, हे निसटून जातं. 'ब्लू-कॉलर हॉलिवूड' अर्धं सोडलं; त्यातले सिनेमे मी पाहिलेले नाहीत, त्यात पुस्तकाचा दोष नाही.

तक्रारी अजून दोन. बायका आहेत, पण बहुतेकदा घराच्या जमाखर्चात. भाडोत्री म्हणून ठेवलेल्या परक्या पुरुषांचं रांधणं-धुणं करून घर उभं करणाऱ्या बाईला दोन वाक्यं मिळतात. लालबागची खानावळवाली बघत मोठी झालेल्या मला ती पुरत नाहीत. आणि 1965च्या स्थलांतर कायद्यानंतर अमेरिकेत आलेले आपण या पुस्तकांत जवळजवळ नाहीच. आपला इतिहास इथं शोधायला जाल तर हात हलवत परत याल. इथं शोधायची पद्धत मिळते.

भाषा सरळ आहे, पण विनोद औषधालाही नाही. रात्री पलंगावर वाचायला घेऊ नका. स्टीलटनचं पुस्तक वाचनालयातून मिळालं तर विकत घेण्याची गरज नाही. पिट्सबर्गचं घ्या, आणि घ्यायच्या आधी विकणाऱ्याकडून पाठीचा फोटो मागवा. दुसऱ्या महायुद्धाच्या आठवणींवरचं त्यांचं पुस्तक मी राखून ठेवायला सांगितलंय. माझ्या आधी रांगेत एक जण आहे.